माझे साडू आणि न येणारी उत्तरं

समोरच्याने उत्तर दिलं नाही म्हणून कधीच न रागावणारा माणूस उभ्या मराठवाड्यात एकच, आणि तो माझा साडू आहे. आम्ही दोघे डोंगरकड्याच्या एकाच घरचे जावई. मी हिंगोलीच्या शाळेत मराठी शिकवायचो, ते बसस्टँडजवळ कॉम्प्युटर सेंटर चालवायचे. सेंटर पोटापुरतं, जीव होता प्रोग्राम लिहिण्यात, तेही एकाच तऱ्हेचे. हिंगोलीतल्या कॉम्प्युटरने टेलिफोनच्या तारेवरून लांबच्या शहरातल्या एखाद्या सर्व्हरला काहीतरी विचारायचं आणि आलेलं उत्तर पडद्यावर दाखवायचं. विचारणं काय, कोणालाही जमतं. साडूभाऊ डोकं लावायचे ते उत्तर आलं नाही तर काय, यावर. तार तुटेल, सर्व्हर बंद पडेल, अर्धंच उत्तर येईल, भलत्याचंच येईल. विचारण्याच्या दहा ओळी असल्या, तर या काळजीच्या दोनशे.

ही काळजी त्यांच्या अंगातच मुरली होती. आमच्या दारावर थाप मारली की ते एक मिनिट थांबत, मग दोन, मग चार. एकदा मी अंघोळीहून बाहेर आलो तर हे पायरीवर पेपर वाचत बसलेले. "हाक मारायची की," मी म्हणालो. "चारदा थाप मारली. आता आठ मिनटं व्हायची हायेत," ते म्हणाले. "एकसारखं ठोकलं तर आतल्या मानसाला तकलीफ." महत्त्वाचं पत्र ते दोनदा टाकत, आणि दुसऱ्यावर लिहीत, 'पत्र क्रमांक सात, दुसऱ्यांदा. पहिलं मिळालं असल्यास हे फाडावे.' सासऱ्यांकडे हळदीचं बेणं मागितलं तेव्हा दोन्ही पत्रं एकाच दिवशी पोचली. क्रमांक पाहून सासऱ्यांनी एकदाच बेणं पाठवलं. साडूभाऊ आठवडाभर खुशीत होते. बेण्यामुळे नव्हे, क्रमांक कामी आला म्हणून.

बारावीचे निकाल नुकतेच इंटरनेटवर यायला लागले होते तेव्हाची गोष्ट. निकालाच्या दिवशी मी सेंटरवर मदतीला बसलो होतो. भर दुपारी पुसेगावकडच्या एका तांड्यावरची मुलगी वडिलांबरोबर आत आली. बैठक क्रमांक तिने तळहातावर पेनने लिहिला होता, तो घामाने पसरला होता. रडून झालेलं दिसत होतं.

"पलीकडच्या सेंटरात पाहिलं," वडील म्हणाले. "नंबरच न्हाई म्हंतेत. नापास असंल. दिवाळीनंतर येईल आमच्यासंगं ऊसतोडीला. तरी म्हनली, एकडाव इथं पाहू."

साडूभाऊंनी नंबर टाकला. पडद्यावर अक्षरं उमटली: 'सर्व्हरकडून अजून उत्तर आलेले नाही. यावरून निकालाबद्दल काहीही समजू नये.' हे वाक्य त्यांनी माझ्याकडून तीनदा तपासून घेतलं होतं, तेव्हा मला हसू आलं होतं.

"बाई," ते मुलीला म्हणाले, "उत्तर आलं न्हाई, एवढंच झालं. न्हाई असं उत्तर आलेलं न्हाई. त्यांच्या प्रोग्रामला ह्यातला फरक कळत न्हाई. बस."

मुलगी बसली. मागची गर्दी मात्र चिडली, कारण लागोपाठ पाच वेळा उत्तर आलं नाही की साडूभाऊंचा प्रोग्राम दहा मिनिटं विचारणंच थांबवायचा. "लोक बटन दाबून राहिले अन् तुमी काहून गप बसले?" एकाने विचारलं. "समदा महाराष्ट्र दाबून राहिला, म्हणून तर तो सर्व्हर बसला," साडूभाऊ म्हणाले. "जरा दम खाऊ द्या त्याला." काही लोक निघून गेले. बापलेक थांबले. वडील दोनदा उठून एसटीची वेळ बघून आले. मुलगी हलली नाही.

तीनच्या सुमाराला उत्तर आलं. साडूभाऊंनी आनंद दाखवला नाही. आधी तिचं नाव विचारलं, मग आईचं, दोन्ही पडद्याशी ताडून पाहिली आणि मग म्हणाले, "पास हाय. सायन्सला साठच्या वर." वडिलांना ते लगेच पटेना. "बराबर पाहिलं का, साहेब?" त्यांनी विचारलं. "व्हय," साडूभाऊ म्हणाले आणि कागद छापून त्यांच्या हातात दिला. मुलगी कागदाकडे बघत राहिली. मग वडिलांच्याच धोतराच्या सोग्याने तिने तळहात पुसला.

संध्याकाळी सेंटर बंद करून साडूभाऊ पलीकडच्या सेंटरात गेले. मला वाटलं भांडायला. अर्ध्या तासाने परत आले ते तिथल्या प्रोग्राममधल्या चार ओळी बदलून, वर चहा पिऊन.

पुढे घरोघरी इंटरनेट आलं, सेंटरला कोणी येईना. एका कंपनीने साडूभाऊंना पुण्याला बोलावून घेतलं. मागच्या खेपेला मी गेलो तेव्हा ते नवव्या मजल्यावरच्या गॅलरीत बसले होते. काम चांगलं होतं, माणसं मान देत होती. तरी चेहरा उतरलेला.

"इथं समदं लगेच उत्तर देतं," ते म्हणाले. "माझं काही कामच पडत न्हाई." मग त्यांनी हळूच विचारलं, "तिकडं लाईट जाती का अजून?"

"रोज जाते," मी म्हणालो.

त्यांना जरा बरं वाटलेलं दिसलं.