अनोळखी जीभ

लालबागला मसाला कुटून देणाऱ्या डंकावर रांगेत उभा होतो. पुढच्या मावशींनी शिंकत शिंकत डबा उघडला आणि मनुका घातलेला स्कोन, म्हणजे इंग्रजी चहाबरोबरचा छोटा गोड पाव, माझ्या हातावर ठेवला.

“लंडनची सून उद्या पहिल्यांदाच घरी येतेय. स्कोन तिच्या आईच्या हातचा वाटायला हवा. खरं सांगा!”

मी नाव विचारलं, तर हात झटकून म्हणाल्या, “नको! ओळख झाली की माणूस खोटं बोलतो. अख्खी चाळ सकाळपासून छान छान करतेय.”

“मावशी, दगड झालाय.”

“शाब्बास!” मिरच्यांची पिशवी माझ्याकडे सोपवून त्या घरी पळाल्या. तासाभराने नवा डबा घेऊन आल्या. स्कोन गरम, लोण्यासारखा मऊ. मी डोळे मिटून खाल्ला, कपाळाला आठ्या घातल्या आणि म्हणालो, “अजून एक खाल्ल्याशिवाय सांगता येणार नाही.”