बोट लागली होती

शंकर तांबट गेल्याचं मला दूधवालीनं सांगितलं. सकाळी मी दारात तांदूळ निवडत बसले होते. ती म्हणाली, "आजी, तुमचे ते बोटवाले तांबट गेले गो. पहाटे उठले, चहा मागितला आनि गेले." मी सूप खाली ठेवलं. खरं लिहायला बसले आहे तर पहिलं हेच लिहिते, की मला आधी सुटल्यासारखं वाटलं. रडू नंतर आलं, तेसुद्धा त्यांच्या दारात चार माणसं दिसल्यावर. तिथे कुणीतरी म्हणालं की तांबटांच्या सोसायटीच्या वतीनं वैनींनी दोन शब्द बोलावेत. मी बोलले. सचोटीचा माणूस होता म्हणाले, हाताला देवानं गुण दिला होता म्हणाले. लोकांनी माना हलवल्या. त्यांची बायको इंदू भिंतीला टेकून माझ्याकडे बघत होती, आणि तिच्या नजरेत माझ्याबद्दल माया होती. ती माया मला अजून खुपते.

आमचं भांड्यांचं दुकान महाडच्या बाजारपेठेत, आणि मागच्या अंगाला शंकर तांबटांची भट्टी. ते आणि आमचे हे एका बाकावर शिकलेले, म्हणून ते मला वैनी म्हणत आणि मी त्यांना भावोजी. मी चौथीपर्यंत शिकले, तेही सातवीतून कामाला लागलेले, पण पेपर वाचायचा नाद त्यांना माझ्या दसपट. जन्मभर तांब्यावर हातोडा मारून कान गेले होते, त्यामुळे साधं बोललं तरी अर्ध्या पेठेला ऐकू जाई. हंडे, घंगाळी, पाणी तापवायचे बंब… त्यांच्या हातचं घंगाळ उलटं करून बघितलं तर ठोके माशाच्या खवल्यांसारखे एकाला एक लागून बसलेले दिसत. माझ्या घरातलं घंगाळ त्यांनीच घडवलेलं. मी ते इंदूकडे नेईपर्यंत रोज वापरलं. का नेलं ते पुढे येईल.

तांब्याचा पत्रा तेव्हा सहज मिळत नसे. आणीबाणी संपली त्या सुमाराची ही गोष्ट. देशातलं तांबं पुरायचं नाही, बाहेरून बोटीनं आणावं लागायचं, आणि आलेलं आधी विजेच्या तारा करणाऱ्या कारखान्यांना जायचं. उरलं त्यातून आमच्यासारख्या गावांतल्या तांबटांच्या सोसायट्यांना सरकारी भावानं कोटा मिळे. आमच्या सोसायटीचे चिटणीस आमचे हे होते. कागद आमच्या घरात, माळ्यावरच्या गोदामाची किल्ली माझ्या कनवटीला. कोटा कधी येईल याचा नेम नसे. भावोजी न्हाव्याच्या दुकानात बसून पेपरातले धातूंचे भाव वाचत आणि नंतर सगळ्यांना समजावून सांगत. "आपल्याकडं खानी हायत रे. पन दगडात तांबं किती? पाट्याच्या पाट्या दगड फोडायचा तवा मूठभर हाती लागतं. तिकडं आफ्रिकेत, अमेरिकेत खाली तांबंच तांबं. तिकडं मजूर संपावर बसले की हितं माझा हातोडा थांबतो." न्हावी म्हणायचा, "शंकरशेट, मग तिकडच्या मजुराला एक कार्ड टाका की, म्हनावं लवकर कामावर जा, महाडला घंगाळ अडलंय." सगळे हसत. भावोजींना निम्मं ऐकू येई, पण तेही हसत. मग दर मंगळवारी दुकानाच्या पायरीवर येऊन मला विचारत, "वैनी, बोट लागली काय?" त्यावरूनच पेठेनं त्यांचं नाव बोटवाले पाडलं.

आमच्या ह्यांना अर्धांगवायू झाला आणि सोसायटी माझ्याकडे आली. कागदोपत्री अकरा तांबट होते. त्यातले नऊ केव्हाच मुंबईला गेलेले. ते आपला कोटा दलालाला विकत, सरकारी भावाचा पत्रा बाहेर कितीतरी चढ्या भावानं जाई. आळीत उरलेल्या दोघांपैकी एकानं हातोडा टाकलाच होता, तोही विकायला तयार. पत्रा खरोखर हवा होता तो एका शंकर तांबटांना. पण मुंबईचा दलाल म्हणाला, "बाई, अर्धवट माल मी उचलत नाही. द्यायचा तर सगळा द्या, नाहीतर मी दुसऱ्या गावाला जातो." मी सगळा दिला. पत्रा मिळाल्याच्या सह्या आधी घेऊन ठेवायची आमची पद्धत होती, त्यामुळे भावोजींची सही कागदावर तयारच होती. माझ्यावर आजारी माणसाचा भार होता, हे खरं आहे. पण औषधं काही मी त्या पैशातून आणली नाहीत. त्यातून दुकानाला काचेचं कपाट केलं, स्टीलची भांडी मांडायला.

आणि मंगळवारी भावोजींनी विचारलं तेव्हा मी म्हणाले, "नाही हो भावोजी, बोट लागली नाही."

त्यांनी लगेच विश्वास ठेवला. ठेवतीलच, कारण माझं खोटं त्यांच्या पेपरातल्या बातम्यांना बरोबर जुळत होतं. ते मलाच समजावू लागले. "असंच होनार वैनी. भाव चढलेत ना, सरकारला परवडत नसेल. तुम्ही जिवाला घोर नका लावू." त्या दिवशी पत्रे आमच्या माळ्यावर होते. सावित्री नदीचं पाणी पेठेत शिरतं म्हणून आम्ही सगळा माल माळ्यावरच ठेवतो. ते खाली पायरीवर चहा पीत बसले होते, त्यांच्या डोक्यावर हातभर अंतरावर त्यांचा पत्रा होता, गोणपाटात गुंडाळलेला. असं तीनदा झालं. तीन वेळा बोट लागली आणि तीन वेळा मी नाही म्हणाले. तिसऱ्यांदा तर मला सांगायला जडही गेलं नाही.

त्याच वर्षी दिवाळी झाल्यावर डोंगरातल्या कुडपण गावची माणसं गावकीचं तपेलं घेऊन आली. लग्नात भात शिजवायचं ते मोठं तांब्याचं तपेलं साऱ्या गावाचं असतं, ज्याच्या घरी कार्य त्यानं न्यायचं आणि घासून परत करायचं. त्याचं बूड जळून गेलं होतं. डोंगर उतरून वाशाला बांधून पोलादपूरपर्यंत खांद्यावर आणलं, तिथून एस.टी.च्या टपावर. त्यांच्यातले वडीलधारे धोंडूबाबा म्हणाले, "शंकर, जाड पत्रा लाव हां. वैशाखात पाच लग्नं हायत गावात." भावोजींनी शब्द दिला. मग वाट बघितली. माघ गेला, फाल्गुन गेला. दर मंगळवारी पायरीवर येत. आता थट्टा नव्हती, नुसतं माझ्या तोंडाकडे बघत आणि मी मान हलवली की जात.

चैत्रात एका दुपारी इंदू माझ्याकडे आली. रागानं तिचा आवाज कापत होता. "वैनी, ह्यांनी माझं घंगाळ कापलं! माझ्या आईनं लग्नात दिलेलं. कुडपणच्या तपेल्याला बूड लावतायत त्याचं. म्हनतात, गावाला शब्द दिलाय. आनि मला कोन शब्द देनार? आता मी आंघोळीचं पानी रॉकेलच्या डब्यात काढू?" मी तिला पाणी दिलं. समजूत घातली. पत्र्यांचा तिसरा लॉट तेव्हा माळ्यावरून जाऊन आठ दिवसही झाले नव्हते, आणि मी तिला म्हणाले, "अगो, पुरुषांना धंद्याचं कळतं, तू मनाला लावून घेऊ नकोस."

घंगाळाचं तांबं पातळ. जाड अंगाला पातळ तुकडा जोडला की आचेवर दोन्ही सारखे तापत नाहीत, हे तांबटाचं लहान पोरही सांगेल. भावोजींना ते कळत नव्हतं असं नाही. पण वैशाख दारात आला होता आणि तपेलं तसंच परत पाठवण्यापेक्षा लावून बघू असं त्यांना वाटलं असावं. जन्मात केलेली त्यांची एवढीच चूक. दुसऱ्याच लग्नात भर पंगतीच्या वेळी जोडाचा डाग सुटला, तपेल्यातलं पाणी चुलीत आलं, विस्तव विझला आणि वऱ्हाड उपाशी बसलं.

कुडपणचे चौघे दुसऱ्या दिवशी माझ्या दुकानात उभे. आता त्यांना जर्मन हवं होतं, म्हणजे ॲल्युमिनियम. मी दोन मोठ्या डेगी काढून दाखवल्या. धोंडूबाबा रागानं बोलत होते. "जाड पत्र्याचा शब्द दिला आनि पातळ मारला. सोसायटीचा पत्रा मिळतो ह्या लोकांना, आमाला काय ठाव नाय? जाड पत्रा विकून खाल्ला त्यानं. काय गो शेठानी, खोटं बोलतो का मी?"

मी म्हणाले, "मला काय ठाऊक बाबा."

आवाज ऐकून, म्हणजे माणसं दिसली म्हणून, भावोजी मागून आले. धोंडूबाबांनी तोंडावर त्यांना चोर म्हटलं, आणि ऐकू यावं म्हणून दोनदा ओरडून म्हटलं. सगळी पेठ बघत होती. भावोजी म्हणाले, "चूक माझी हाय. पत्रा पातळ होता." घंगाळ कापल्याचं त्यांनी सांगितलं नाही. बायकोचं भांडं कापलं हे चार गावांत सांगायला त्यांना कमीपणा वाटला असणार. मग जर्मनच्या डेगीची एक कडी त्यांनी स्वतः धरली आणि ती एस.टी. स्टँडपर्यंत पोचवायला त्या लोकांबरोबर गेले. जाताना बोटानं डेगीवर टिचकी मारून बघितली. मी गल्ल्यापाशी उभी होते. एक वाक्य पुरलं असतं. मी काचेच्या कपाटावरची धूळ पुसत राहिले.

त्यानंतर त्यांनी बोटीचं कधी विचारलं नाही. डोंगरातली कामं बंद झाली, मग पेठेतलीही. बिरवाडीला कारखाने निघाले होते, तिथे ते पहारेकरी लागले. ऐकू न येणारा पहारेकरी म्हणून पोरं हसत. जेवणाचा डबा घ्यायला एकदा दुकानात आले. मी स्टीलचा डबा दिला आणि पैसे नको म्हणाले. "असं कसं वैनी, धंदा हाय तुमचा," म्हणाले आणि पैसे ठेवून गेले. ती आमची शेवटची भेट. म्हणजे त्यानंतरही रस्त्यात दिसत, पण मी पलीकडून जात असे.

चौदावा दिवस झाल्यावर मी माझं घंगाळ उचललं आणि कडेवर घेऊन इंदूकडे गेले. ती म्हणाली, "हे कशाला आनलंत?" मी सांगितलं. सगळं सांगितलं, माळा, दलाल, तिन्ही वेळा. मला वाटलं ती शिव्या देईल. तिनं घंगाळ उलटं करून ठोक्यांवरून बोट फिरवलं. मग म्हणाली, "वैनी, त्या घंगाळावरून मी त्यांना दहा वर्षं बोलले. डब्यात पानी काढताना रोज. गेले त्याच्या आदल्या दिवशीपन बोलले. गावापायी माझं भांडं कापलंत म्हटलं… आता ते बोललेलं मी परत कसं घेऊ?"

मी पदर डोळ्यांना लावला. ती म्हणाली, "घंगाळ घेऊन जा. आनि माझ्यापुढं रडू नका. कुडपनला जा. चोर तिकडं म्हनाले त्यांना, तिकडं सांगा."

माझे गुडघे गेलेत. पोलादपूरपासून भाड्याची जीप केली, ती जाते तिथवर गेले आणि पुढची चढण बसत बसत चढले. धोंडूबाबा अजून आहेत, डोळ्यांनी अधू झाले आहेत. मी कोण ते सांगितल्यावर त्यांनी माणसं बोलावली. देवळात सात-आठ जण बसले. मी उभ्यानंच सांगितलं. एक जण म्हणाला, "मानूस मेल्यावर सांगायला आलीस व्हय गो?" मी म्हणाले, "हो. जिवंत असताना धीर झाला नाही." धोंडूबाबा कुणाला तरी म्हणाले, "वही आन." गावकीत काय ठरलं ते लिहून ठेवायची त्यांची वही असते. तिच्यात त्या वर्षीचं पान काढलं. लिहिलं होतं, महाडच्या शंकर तांबटानं पत्रा चोरला, त्याच्याकडे गावातलं कुणी भांडं देऊ नये. खाली सगळ्यांचे अंगठे आणि सह्या.

धोंडूबाबा म्हणाले, "आमी लिवलेलं खोडत नाय. त्याच्या खाली तू लिव. तुझ्या हातानं."

मी लिहिलं. अक्षर वाकडं आलं. कुणी चहा विचारला नाही आणि मला तो नको होता. निघताना धोंडूबाबा म्हणाले, "आमची निम्मी मानसं मुंबईला असत्यात. त्यांनी पन सही केलीय ह्याच्यावर. ती वही बघायला येनार नायत, पेपर वाचत्यात."

म्हणून हे पेपराच्या पुरवणीकडे पाठवलं आहे. इंदूला तिची नात वाचून दाखवणार आहे, मी तिला तसं कळवलं आहे. वहीतल्या त्या पानावर जागा थोडी होती, माझ्या दोनच ओळी बसल्या. बाकीचं इथे लिहिलं.