केइयोने पाडलेले शेवटचे आटे

हिल्का तोलोनेन हौकीवारा गावच्या, मूस हरणांची शिकार करणाऱ्या मंडळाची म्होरकी झाली, तेव्हा दोन म्हाताऱ्यांनी मंडळ सोडलं होतं. बाईच्या हुकमावर आम्ही जंगलात उभे राहणार नाही, असं त्यांचं म्हणणं. पुढच्या हंगामात दोघेही मुकाट परत आले, कारण हिल्काच्या हाताखाली मांसाची वाटणी कुणाचंही तोंड वाकडं न होता पार पडली होती. अंगाने रुंद, आवाजाने जड आणि नियमाला पक्की अशी ही बाई. एरवी ती फिरत्या वाचनालयाची बस चालवायची. तळ्यांच्या कडेकडेने वसलेल्या एकेका घरासमोर बस थांबवायची, पुस्तकं द्यायची, आणि कुणाच्या गुडघ्याचं औषध संपलंय, कुणाचं कुत्रं व्यालंय, हे सगळं ऐकून पुढे निघायची.

तिचा नवरा केइयो बंदुकांचा कारागीर. परवाना घेतलेला, आणि तो चौकटीत बसवून भिंतीवर टांगलेला. घरामागच्या शेडमध्ये त्याचं जुनं लेथ होतं. त्या मुलखातल्या निम्म्या रायफली कधी ना कधी त्या लेथवर चढलेल्या. अलीकडे सगळ्यांनाच सायलेन्सर हवा असायचा. सायलेन्सर लावल्याने बार मुका होतो असं काही नाही. कानठळ्या बसायच्या त्या जागी नुसता दणका ऐकू येतो, एवढंच. पण तेवढ्यानेही कुत्र्यांचे कान वाचतात आणि मालकाचेही. त्यासाठी नळीच्या तोंडाशी आटे पाडावे लागतात, आणि त्या आट्यांवर सायलेन्सर फिरवून घट्ट बसवायचा.

केइयोची पद्धत ठरलेली होती. आधी परवाना बघायचा, रायफलीवरचा नंबर ताडून घ्यायचा, आणि मागचा सरकता बोल्ट काढून आत काडतूस नाही याची स्वतः खात्री करायची. मग नळी लेथला लावायची, तीसुद्धा आतल्या भोकावरून जुळवून. "नळी बाहेरून गोल दिसते, म्हणून भोक मध्यावर असेलच असं नाही," तो म्हणायचा. "बाहेरच्यावर विश्वास ठेवलात की गोळी सायलेन्सरच्या पोटात शिरलीच." शेवटी सायलेन्सर बसवायचा आणि मागून नळीत एक सरळ पोलादी गज घालायचा. गजाचं टोक पुढच्या भोकाच्या बरोबर मधोमध दिसलं तरच रायफल मालकाच्या हातात पडायची.

मार्चमध्ये त्याच्या डोक्यात गाठ सापडली. जूनमध्ये, गावात मध्य-उन्हाळ्याच्या सणाच्या होळ्या रचत होते त्या आठवड्यात, तो गेला. हिल्काने शेडला कुलूप लावलं आणि बसच्या कामावर रुजू झाली. घरात बसून करायचं तरी काय, असं तिने वाचनालयाच्या साहेबांना विचारलं.

सप्टेंबरात, हंगामाआधी, मंडळाचे सगळे खडीच्या खाणीत जमतात आणि आपापली रायफल नेमावर आणतात. त्या वर्षीही जमले. शेकोटीवर सॉसेज भाजत होते, फळकुटाच्या टेबलावर कॉफीची किटली होती. रिवाजाप्रमाणे पहिले बार म्होरकीने काढायचे. ते हिल्काने सकाळीच काढले होते आणि तिच्या गोळ्या कागदावर एकमेकींना लागून बसल्या होत्या. मग एकेकाची पाळी.

ताउनो बाकावर आला. हा केइयोचा लहानपणापासूनचा दोस्त, हिवाळ्यात रस्त्यांवरचा बर्फ हटवायचं काम करणारा. त्याचं तोंड कधी बंद नसायचं.

"सायलेन्सर घट्ट बसवलायस ना?" हिल्काने विचारलं.

"लग्नाच्या अंगठीपेक्षा घट्ट. ती मी दोनदा हरवली, हा अजून आहे."

"कान झाक आणि मार."

ती टेबलापाशी कॉफी ओतत होती. मग निशाण नीट बघता यावं म्हणून किटली तिथेच ठेवून बाकाच्या मागे सरकली. ताउनोने चाप ओढला.

आवाज बाराचा नव्हता. दुधाची रिकामी बरणी कुणी खडकावर भिरकावावी तसा तो आवाज. नंतर इतकी शांतता झाली की शेकोटीवरची चरबी निखाऱ्यात टपकलेली ऐकू आली. पुढे वाळूत सायलेन्सरचं नळकांडं पडलं होतं, बर्च झाडाच्या सालीसारखं उभं फाटलेलं. आणि टेबलाच्या फळीत, किटलीच्या अलीकडे, पोलादाचा बोटभर तुकडा रुतून बसला होता. हिल्काचा हात मघाशी तिथेच होता.

"सगळे थांबा. बोल्ट उघडा, रायफली खाली ठेवा," ती म्हणाली. आवाज आपला आपणच निघाला.

"मला काही झालं नाही," ताउनो म्हणाला. परत म्हणाला, "मला काही झालं नाही." त्याला बोल्ट उघडता येईना. हिल्काने वाकून त्याच्या बोटांखालून तो उघडला, आत बघितलं आणि रायफल त्याच्यापासून बाजूला घेतली. त्याचा चेहरा ताकासारखा पांढरा पडला होता. त्याला ओरखडासुद्धा नव्हता, आणि त्याचाच त्याला विश्वास बसत नव्हता.

लोक बाकाभोवती जमले.

"सायलेन्सर सैल राहिला असणार," हिल्का म्हणाली.

"सैल नव्हता," ताउनो म्हणाला.

"सैल असल्याशिवाय गोळी आत घासेल कशी?"

मंडळातला वेइयो नावाचा सुतार वाळूतलं नळकांडं उचलून बघत होता. त्याने सहज विचारलं, "आटे कुणी पाडलेले?" आणि विचारताक्षणी त्याने जीभ चावली. सगळ्यांना माहीत होतं. सगळेजण शेकोटीकडे बघू लागले.

"केइयोने पाडलेत," हिल्का म्हणाली. "आणि केइयोचे आटे वाकडे नसतात. थांबा, आत्ता दाखवते."

ती गाडी घेऊन घरी गेली, शेडचं कुलूप काढलं, गज घेतला आणि परत आली. इतक्या रागात ती कधी कुणाला दिसली नव्हती. तिने टेबल मोकळं करायला लावलं. ज्यांच्या ज्यांच्या नळीवर केइयोचं काम होतं त्यांनी बोल्ट काढून रायफल आणायची, असा हुकूम सोडला. एकेक रायफल टेबलावर आडवी झाली. सायलेन्सर पार टेकेपर्यंत फिरवायचा, मागून गज सारायचा, पुढून बघायचं. वेइयोची रायफल पाच वर्षांपूर्वीची होती, गज नेमका मधोमध. त्याच्या मेव्हण्याची त्याहून जुनी, तीही मधोमध. रायफली संपत आल्या तशी हिल्काची मान ताठ होत गेली.

"बघ," ती ताउनोला म्हणाली. "आता तुझी."

ताउनोच्या नळीवर वेइयोचा सायलेन्सर बसवला. हिल्काने गज आत सारला आणि पुढे येऊन वाकली. बराच वेळ ती वाकलेलीच राहिली. गज डावीकडे झुकला होता, भोकाच्या काठाला टेकण्याइतका. तिने सायलेन्सर काढला, आटे पुसले, पुन्हा बसवला. गज तिथेच.

"हा सायलेन्सर खराब असेल," ती म्हणाली.

"माझा आहे तो," वेइयो हळूच म्हणाला. "आत्ता माझ्या रायफलीवर बरोबर होता."

ताउनो पुढे झाला. "हिल्का, माझी त्याने जानेवारीत केली. तुझीही त्याच सुमाराला केली ना?"

तिची रायफल केइयोने तिच्या वाढदिवसाला करून दिली होती. ती टेबलावर ठेवताना हिल्काला वाटलं, आपण हे उगाच करतोय. गज सारला. पुढे जाऊन बघितलं. इथेही गज डावीकडे, ताउनोच्या मानाने जरा कमी. तिने सायलेन्सर उतरवून उजेडात धरला. पुढच्या भोकाच्या कडेला एक चकचकीत, ताजा चरा होता. सकाळी तिने मारलेली प्रत्येक गोळी त्या कडेला घासून जेमतेम बाहेर पडली होती, आणि तेव्हा ती कागदाकडे बघून खूश होत होती.

ती वाळूवरच बसली. वेइयोने कॉफी आणून दिली, ती तिने घेतली आणि प्यायली नाही.

संध्याकाळी ताउनोने तिला घरी सोडलं. पायरीवर दोघं बसली. ताउनोने दोन्ही हात मांडीखाली दाबून धरले होते.

"एक सांगू का," तो म्हणाला. "जानेवारीत मी रायफल न्यायला आलो, तेव्हा केइयोने मला कॉफी ओतली. कपाच्या शेजारी ओतली. टेबलावर. डावीकडे. आणि ओततच राहिला."

"मग?"

"मग काय, मी कप सरकवून धारेखाली धरला. तो हसला. मीही हसलो."

हिल्काने त्याच्याकडे बघितलं. "आणि तू मला सांगितलं नाहीस?"

"मला वाटलं, तुला माहीत असेल. तू त्याच्या घरात राहत होतीस."

हे त्याने टोचून म्हटलं नव्हतं. पण खाणीतल्या त्या आवाजापेक्षा हे वाक्य तिला जास्त लागलं. तिला खरंच काही माहीत नव्हतं. दाराच्या चौकटीला केइयोचा डावा खांदा आपटायचा, तेव्हा ती म्हणायची, चष्मा बदल की रे. फेब्रुवारीत त्याने येणारी कामं परत पाठवायला सुरुवात केली. लेथचा पट्टा तुटलाय, नवा मागवलाय, असं लोकांना सांगायचा. पट्टा येईना, तेव्हा ती त्याला आळशी म्हणाली होती. एकदा नाही, बऱ्याचदा.

ताउनो गेल्यावर ती शेडमध्ये गेली. दिवा लावून लेथचं झाकण उघडलं. पट्टा जागच्या जागी होता, धड, ताणलेला. हाताने चाक फिरवलं तर लेथ मुकाट फिरलं. ती तिथेच उभी राहिली. म्हणजे त्याला कळलं होतं. हात चुकतोय हे त्याला कळलं होतं आणि म्हणून त्याने काम थांबवलं. मग आधी केलेलं परत का नाही मागवलं? ताउनोला फोन का नाही केला? स्वतःच्या बायकोच्या हातात ती रायफल कशी दिली? मेलेल्या माणसावर इतकं चिडता येतं, हे तिला ठाऊक नव्हतं.

सोमवारी ती काजानी शहरात गेली, दोन्ही रायफली घेऊन. त्याची रायफल तिच्या हाती देण्याचा परवानगीचा कागद ताउनोनेच लिहून दिला होता, आणि तोही बरोबर आला होता, पण गाडीत तो एक शब्द बोलला नाही. तिथे मिर्वा नावाची परवानाधारक कारागीर होती, चाळिशीची, केइयोला कामामुळे ओळखणारी. तिने दोन्ही नळ्या लेथला लावून बघितल्या.

"दोन्ही डावीकडेच," ती म्हणाली.

"म्हणजे काय?"

मिर्वाने हात पुसले. "मी डॉक्टर नाही, हिल्का. पण माझ्या बापाला मेंदूचा झटका आला तेव्हा त्याला डावी बाजू दिसेनाशी झाली होती. ताटातलं उजवीकडचं जेवायचा आणि पोट भरलं म्हणून उठायचा. त्याला विचारलं तर म्हणायचा, ताट रिकामं आहे. ज्याला डावीकडचं दिसतच नाही, त्याला गज मध्यावर असल्यासारखाच वाटेल. केइयोने गज लावून बघितला नसेल, असं मी मानणार नाही."

हिल्काला रडू आलं नाही. तिने काउंटरची कड धरली, इतकंच. तो तपासत होता. वाकून, एक डोळा मिटून, नेहमीसारखा तपासत होता, आणि त्याला सगळं बरोबर दिसत होतं. म्हणून आधी केलेलं त्याने परत मागवलं नव्हतं.

"दुरुस्त होईल?"

"वाकडे आटे कापून टाकते, मागे नवे पाडते. नळी जराशी आखूड होईल. नंतर नेम पुन्हा लावून घ्या."

परतीच्या वाटेवर ताउनोने पहिल्यांदा तोंड उघडलं. "आपलं झालं. आता ही गोष्ट मंडळाबाहेर कशाला जायला हवी? वेइयो बोलणार नाही. माणूस गेला बिचारा. त्याचं नाव कशाला..."

"त्या हिवाळ्यात त्याने आणखी कुणाकुणाची केली?"

ताउनोने आठवून बघितलं. मग म्हणाला, "सोत्कामोच्या सुलोची केली असणार. आणखी कुणाची असेल तर ठाऊक नाही."

त्या रात्री जेवायच्या आधी हिल्का फोन घेऊन बसली. जे आठवले त्या सगळ्यांना फोन केले, आणि ज्यांना फोन केला त्यांना आणखी नावं विचारली. बहुतेकांची कामं जुनी होती. तरीही ती म्हणाली, कारागिराकडे जा, गज लावून घ्या. सुलोला फोन लागला तेव्हा तो सॉनाच्या वाफेतून नुकताच बाहेर आला होता.

"केइयोच्या कामात खोट काढतंय कोण?" तो गुरकावला. "नाव सांग त्याचं."

"मी काढतेय. मी हिल्का बोलतेय, त्याची बायको."

पलीकडे खुर्ची ओढल्याचा आवाज आला.

"शेवटच्या हिवाळ्यात तो आजारी होता," ती म्हणाली, "आणि मला ते कळलं नाही. तुझ्या रायफलीवरचा सायलेन्सर आत्ताच्या आत्ता उतरव. तपासल्याशिवाय तिला हात लावू नकोस."

सुलोने दोन दिवसांनी उलटा फोन केला. गज लावला होता. त्याच्या नळीतून गोळी सरळ सायलेन्सरच्या पोटात गेली असती. त्याची बायको शिकारीच्या जागेवर नेहमी त्याच्या डाव्या हाताला बसते, हे त्याने दोनदा सांगितलं. फोन ठेवताना म्हणाला, "केइयोबद्दल मी कुणाला वाईट बोलू देणार नाही." हिल्का म्हणाली, "बोलू देत त्यांना. पण रायफली तपासून घेऊ देत."

ऑक्टोबरात हंगाम उघडला, त्या सकाळी खाणीतलं टेबल मंडळाच्या खोलीसमोर आणून ठेवलं होतं. प्रत्येकाने बोल्ट काढून रायफल पुढे केली, मिर्वाने गज लावून बघितला, आणि मगच पट्टा खांद्याला लागला. ताउनोसुद्धा गंमत करायला विसरला होता. हिल्काची रायफल नवे आटे पडून आली होती, गज मधोमध दिसत होता, मिर्वाने दोनदा दाखवलाही. हिल्काने ती घेतली, दस्त्याला गाल लावायला वाकली, आणि थांबली. गाल तिथवर जाईना.

तिने रायफल मंडळाच्या खोलीतल्या कपाटात ठेवून कुलूप लावलं आणि किल्ली कमरेला बांधली.

"मी कुत्र्यांबरोबर हाका घालायला जाते," ती वेइयोला म्हणाली. "माझ्या जागेवर तू उभा राहा."

"आजच्यापुरतं ना?"

"बघू," हिल्का म्हणाली. कुत्र्यांच्या साखळ्या घेऊन ती ओल्या शेवाळावरून झाडीत शिरली.