बाबांचा म्हो

छत्तीसगढ वेगळं राज्य झालं आणि माझ्या नवऱ्याची भोपाळहून रायपूरला बदली झाली. भोपाळ सोडताना त्याच्याबरोबर बदली झालेल्यांच्या बऱ्याच बायका रडल्या. मी रडले नाही, कारण रायपूर माझं माहेर. चौबे कॉलोनीत आईबाबांच्या घरापासून दोन गल्ल्या सोडून आम्ही भाड्यानं घर घेतलं. मुलीनं इथल्याच कॉलेजात इलेक्ट्रिकलला प्रवेश घेतला. बाबा रेल्वेच्या वीज खात्यातून निवृत्त झालेले. नातीनं आपला धंदा उचलला म्हणून ते इतके खूश होते, की दारावर येणाऱ्या भाजीवालीलाही त्यांनी ते सांगितलं.

पुढच्या वर्षी होळीनंतर त्यांना पक्षाघाताचा झटका आला. उजवा हात आणि उजवा पाय लुळा पडला, आणि बोलणं गेलं. समजत मात्र सगळं होतं. आईनं चहात साखर जास्त घातली की ते तिच्याकडे असं पाहायचे, की ती म्हणायची, "कळलं मले. उद्या कमी घालीन."

इस्पितळातून घरी आणल्यावर त्यांचा पलंग समोरच्या खोलीत कूलरजवळ लावला. ऊन तापायला लागलं होतं. स्पीच थेरपिस्ट म्हणून एक तरुण मुलगी घरी यायची. ती पाटीवर चित्रं काढायची, डाव्या हातानं अक्षरं गिरवून घ्यायची. आईचा उपाय वेगळा होता. सकाळी देवापाशी दिवा लावून ती बाबांसमोर बसायची.

"अहो, ओम म्हणा. नुसतं ओम."

बाबांचे ओठ हलायचे, आवाज निघत नसे. एके दिवशी निघाला. त्यांनी मान वर केली, सगळा जोर लावला आणि म्हणाले, "म्हो."

आईचा चेहरा पडला. "ओम," ती पुन्हा म्हणाली.

"म्हो," बाबा म्हणाले.

त्यानंतर तो एकच शब्द दिवसभर चालायचा. आई पाणी द्यायची, ते "म्हो" म्हणत मान हलवायचे. मी उशी सरकवायची, पुन्हा तेच. कधी रागानं, कधी विनवणीच्या सुरात. आईनं मला स्वयंपाकघरात नेऊन हळूच विचारलं, "देवाचं नाव उलटं काहून घेऊन राहिले हे?" तिला खरंच भीती वाटत होती. थेरपिस्टला विचारलं तर ती म्हणाली, "आंटी, जो शब्द आ रहा है, उसको रोकिए मत. कुछ तो कह रहे हैं." पण काय, ते तिलाही सांगता येईना.

एवढं माझ्या लक्षात आलं होतं, की आई बादली घेऊन कूलरमध्ये पाणी भरायला गेली की त्यांचा आवाज चढायचा. कूलर नको असेल असं वाटून आम्ही तो बंद करायचो. मग बाबा घामानं भिजायचे, आम्ही तो पुन्हा लावायचो, आणि ते आणखी चिडायचे.

असे काही दिवस गेले. मग एका दुपारी मुलगी कॉलेजातून थेट आजीआजोबांच्या घरीच आली. बॅग न ठेवताच मला म्हणाली, "मम्मी, आजोबा जो बोलते हैं ना, वो सचमुच का शब्द है." तिला मराठी सगळं कळतं, बोलते मात्र हिंदीत. त्यांच्या प्रयोगशाळेत, कपाटाच्या वर, लाकडी पेटीतलं एक जुनं मीटर धूळ खात पडलं होतं. सरांनी ते पुसायला सांगितलं, तर त्याच्या तबकडीवर इंग्रजीत लिहिलेलं होतं, म्हो.

तिनं मला समजेल असं सांगितलं. विजेच्या वाटेत किती अडथळा आहे ते ओहममध्ये मोजतात. ओहमची इंग्रजी अक्षरं उलट्या क्रमानं लिहिली की म्हो होतं, आणि तो अडथळ्याच्या नेमकं उलट सांगतो, वीज किती सहज जाते ते. त्या मापाला आता कुणा जर्मन माणसाचं नाव दिलंय. तिच्या पुस्तकात म्हो कुठेच नव्हता.

ती बाबांच्या पलंगावर बसली आणि थेरपिस्टनं दिलेली पाटी घेऊन तिनं घोड्याच्या नालेसारखं चिन्ह काढलं. "ये ओहम." खाली तेच चिन्ह उलटं करून काढलं. "और ये म्हो. हो ना, आजोबा?"

बाबा पाटीकडे कितीतरी वेळ पाहत राहिले. त्यांचे डोळे भरून आले. मग त्यांनी डाव्या हाताचं बोट उलट्या चिन्हावर टेकवलं, तिथून ते कूलरकडे नेलं, आणि मग खाली फरशीकडे. आणि मान हलवली, नाही म्हणून.

मुलीनं आधी कूलरकडे, मग फरशीकडे पाहिलं. "अर्थिंग? अर्थिंग का म्हो कम हो गया?"

"हव," बाबा म्हणाले.

तो त्यांचा दुसरा शब्द. छत्तीसगढी माणसांबरोबर उभा जन्म काम केलेला माणूस 'होय' कशाला म्हणेल!

बाबांच्या हत्यारांच्या पेटीत टेस्टर होता. मुलीनं तो कूलरच्या पत्र्याला टेकवला आणि त्यातला दिवा पेटला. तिनं आधी बटण बंद केलं, मग प्लग ओढून काढला. "आजी, इसको हाथ मत लगाना."

आई दारात बादली घेऊन उभी होती. ती तिथेच खाली बसली. "मले वाटे रक्तातली साखर वाढली," ती म्हणाली, "पाणी भरताना हाताले मुंग्या येत होत्या म्हणून." बाबांनी डाव्या हातानं कपाळावर मारून घेतलं. बसल्या बसल्या त्यांचा चांगला हात त्या पत्र्याला लागायचा, त्यांना झिणझिण कळत होती, आणि ते आईसाठी ओरडत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी इलेक्ट्रिशियन आला. कूलरच्या पंपात पाणी शिरून वीज पत्र्यात उतरत होती. अर्थिंग धड असतं तर ती निमूट जमिनीत गेली असती. अर्थिंगच्या तारेचं टोक परसात एका खड्ड्यात, कोळसा आणि मिठाच्या थरात पुरलेलं होतं. शेजारचा बंगला पाडून तिथे चार मजल्यांसाठी खोल खणलं होतं. राजधानी झाल्यापासून कॉलोनीत असं सगळीकडेच चाललं होतं. आमच्या बाजूची जमीन पार कोरडी झाली होती. "मिट्टी भूसे जैसी हो गई है, अंकल," तो म्हणाला.

बाबांना खुर्चीसकट उचलून आम्ही मागच्या दाराशी नेलं. इलेक्ट्रिशियननं तार तपासली, नवा कोळसा घातला, आणि घरातली वीज नि ती तार यांच्यामध्ये एक बल्ब जोडला. तो निखाऱ्यासारखा मिणमिणत होता. मुलगी म्हणाली, जमीन जितकी चांगली वीज घेईल, तितका हा जास्त पेटेल.

खड्ड्यात खडे मीठ टाकलं, वर बादलीभर पाणी ओतलं. बल्ब थोडा पिवळा झाला. इलेक्ट्रिशियन हात पुसायला लागला.

"अजून," बाबा म्हणाले.

सगळ्यांनी वळून पाहिलं. आईनं माझा दंड धरला. मी आणखी एक बादली ओतली.

"अजून."

इलेक्ट्रिशियनला मराठी येत नव्हतं, पण त्यानं स्वतःच बादली घेतली. पाणी मुरत गेलं, बल्ब उजळत गेला, आणि बाबा दर बादलीला तोच शब्द म्हणत राहिले. शेवटी भर उन्हातही तो लख्ख दिसायला लागला तेव्हा ते खुर्चीत मागे टेकले. "बस," म्हणाले.

आई पदर तोंडाला लावून हसत होती आणि रडतही होती. ओमचं नाव तिनं त्यानंतर काढलं नाही.

त्या उन्हाळ्यात शब्द असेच कामामागून येत गेले. पाणी. मीठ. पंखा. पाना. थेरपिस्टनं चित्रं बाजूला ठेवली आणि हत्यारांची पेटीच पाटीशेजारी मांडली. पावसाळ्यात तीन-चार शब्दांची वाक्यं जुळायला लागली. तेव्हा नातीनं त्यांना विचारलं, की सगळे ओहम म्हणत असताना तुम्ही म्हो कुठून धरलात? बाबांनी थांबत थांबत सांगितलं, की बिलासपूरला शिकाऊ असताना त्यांचे फोरमन अर्थिंगचं काम आलं की म्होच विचारायचे. "ते म्हणत... अडचण नको सांगू. वाट किती... ते सांग."

घरात तो शब्द रुळला. आईनं तर तो स्वतःच्या पोटालाही लावला. "आज म्हो बरे नाहीत," म्हणून ती सकाळी इसबगोल घ्यायची, आणि नात हसून लोळायची.

दिवाळीपर्यंत बाबा काठी घेऊन चालायला लागले, आणि थेरपिस्टच्या दवाखान्यात आम्ही रिक्षानं जायला लागलो. तिथे त्यांच्याच वयाचे एक गृहस्थ यायचे. त्यांना आणणारी सून दिल्लीकडची, फार काळजी घेणारी. त्यांचाही एकच शब्द उरला होता, "पारा." ते म्हणाले की सून पर्समधून थर्मामीटर काढायची. ताप कधीच नसायचा. "दिन में दस बार बोलते हैं," ती मला म्हणाली.

बाबा शेजारी बसून ऐकत होते. त्यांनी त्या गृहस्थांच्या गुडघ्यावर हात ठेवला. "घर कुठं होतं... आधी?"

मी हिंदीत विचारलं. सून म्हणाली, आता नव्या फ्लॅटमध्ये असतो, आधी ब्राह्मणपाऱ्यात जुनं घर होतं.

"ताप नाही," बाबा मला म्हणाले. "मोहल्ला. पारा... म्हणजे मोहल्ला. इथले लोक... तसंच म्हणतात. सांग तिले."

मी सांगितलं. ते गृहस्थ बाबांकडे पाहत जोरजोरानं मान हलवायला लागले.

पुढच्या खेपेला सून स्वतःहून आमच्याजवळ येऊन बसली. रविवारी तिच्या नवऱ्यानं त्यांना स्कूटरवर मागे धरून ब्राह्मणपाऱ्यात नेलं होतं. जुन्या शेजाऱ्यांच्या ओट्यावर ते दोन तास बसले, तिथला चहा प्याले, आणि निघताना शेजाऱ्याला त्याच्या नावानं हाक मारली. आता दर रविवारी नेणार, असं ती म्हणाली.