माह्या हातावरचा विंचू

आमच्या गल्लीत एक दादा व्हता. वाढदिवसाला चौकात तलवारीनं केक कापायचा. पोरांच्या मोबाईलात त्याचाच फोटो. एका वाढदिवसाला माह्या लेकानं भाजीचा गाडा हलवायला उशीर केला, तर त्यानं लोखंडी गजानं लेकाचा पाय मोडला. भर दुपारी. पण बघितलं कुणीच नाय, असं समदे म्हणले. लेक घरी बसला, मी भाकऱ्या इकून घर चालवलं. रडायला सवड नव्हती.

पुढं दादाला धरलं. पोरांचं येड उतरावं म्हून पोलिसांनी त्याच्यावर पिच्चर काढला. पोलिसातली बाई आली. "आजी, तुम्ही बोला. तोंड दाखवत नाय, आवाज बी बदलू."

मी म्हणलं, "हात रिकामे असले की मला बोलणं सुचत नाय." मग भाकरी थापत समदं सांगितलं. त्यांनी पिच्चरात नुसते हात घेतले.

मंडळाच्या मांडवात पडदा लावला. दादा दिसला की पोरांनी शिट्ट्या मारल्या. मग माहे हात आले. आवाज असा, जसा रांजणात बसून कुणी म्हातारा बोलतोय. पण मनगटावर विंचू! फुलंब्रीच्या जत्रंत मायनं गोंदवलेला, नांगी तुटकी.

मागून एक बाई वरडली, "अगं, हा तर भाकरीवालीचा विंचू!"

समद्यांनी माह्याकडं बघितलं. दादाची माणसं बी तिथंच व्हती. लेक हळूच म्हणला, "माय, आता गं?" मी मनगट पदराखाली घेतलं.

तवा चौकासमोरच्या घरातली खाला उठली. "मेरे दरवाजे के सामनेच मारा. मैं देखी. डर के चुप बैठी थी. अब बोलती मैं."

पोलिसातली बाई माह्याजवळ आली. "आजी, चुकलंच. हाताचं ध्यानातच आलं नाय."

"तुमच्यात गोंदत नसतील," मी म्हणलं. तिच्यावर राग कशाचा धरायचा? तिच्या चुकीनंच खाला उठली.

खालानं जबाब दिला. आता तारखेला आम्ही दोघी एकाच रिक्षात जातो. ती वाटंत पान खाती, मला बी देती. निकाल काय लागायचा तो लागंल. पोरांचं येड उतरलं का, ठावं नाय, काही अजून शिट्ट्या मारत्यात. पण लेकाला कुणी मारलं, हे आता मी एकटीच सांगत नाय. खालाचे लई उपकार हायेत.