गर्डाबाईंची हुबेहूब शिष्या

चहा आधी संपवा बरं, मग सांगते. माझ्या फजितीपायी कोणाला ठसका लागायला नको!

तर दोन हजार तीन साली आम्ही अमेरिकेत, पार्सिपनी नावाच्या गावात राहत होतो. नवरा, म्हणजे प्रशांत, ऑफिसला गेला की घरात मी आणि खिडकी. माझा व्हिसा नोकरी करू न देणारा. नागपूरला सहा वर्षं गाणं शिकलेली मी, इथे दिवसभर भांडीच लावत होते.

एका दुपारी खालच्या मजल्यावरून सूर आला. तिथे गर्डाबाई राहायच्या. सत्तरी ओलांडलेल्या, जर्मन, एकेकाळी ऑपेरात नायिका, आणि आता घरी गाणं शिकवणाऱ्या. दुसऱ्याच दिवशी मी नारळ घेऊन दारात! पाया पडायला वाकले, तर त्यांना वाटलं माझं काहीतरी पडलंय. त्याही वाकून शोधायला लागल्या.

त्यांची शिकवणी म्हणजे अर्धं गाणं आणि अर्धं स्वप्न. बाहेर बर्फ भुरभुरतंय, पियानोवर पिवळा दिवा, भिंतीवर तरुण गर्डाबाईंचे फोटो. गाता गाता त्या थांबायच्या.

"मुख्य गायिकेचा घसा बसला होता. मला तिचा झगा घातला, पाठीत टाचण्या लावल्या आणि दिलं ढकलून स्टेजवर. मी शेवटचा वरचा सूर लावला आणि... सगळं थिएटर गप्प."

मी केव्हाच त्या थिएटरात पोचलेली असायची. झगा माझा, टाचण्या माझ्या! घरी आल्यावर आमटी करपायची ती वेगळीच.

स्वतः बाई बारा वर्षांत स्टेजवर गायल्या नव्हत्या. "आता माझा आवाज शिष्यांच्या गळ्यातून ऐकायचा," असं म्हणायच्या. मे महिन्यात चर्चच्या हॉलमध्ये शिष्यांचा कार्यक्रम ठरला. "शेवटचं गाणं तू म्हण," बाई मला म्हणाल्या. अमेरिकेत आल्यापासून पहिल्यांदाच कोणालातरी माझी गरज पडली होती हो!

आता आपली शिकण्याची रीत तुम्हाला माहीतच आहे. गुरू गातील तसं उचलायचं, का म्हणून विचारायचं नाही. मी उचललं. वरच्या सुराआधी बाई डावा हात कमरेवर ठेवतात? ठेवला. मान उजवीकडे वळवतात? वळवली. मग हलकेच "हं" म्हणतात? म्हटलं. आणि सुरातली ती नाजूक थरथर! तिच्यासाठी तर मी अख्खा महिना दिला. त्यात झाडांना फुलं आली आणि माझी ॲलर्जी सुरू झाली ती पार थंडी पडेपर्यंत, नाक वाहतंय, तरी रियाझ चालूच.

"अगं, तुला थंडी वाजतेय का? हीटर ऑन करू?" प्रशांतनं विचारलं.

"जर्मन गमक आहे ते! तुला नाही कळायचं, यार."

कार्यक्रमाला मी पैठणी नेसून उभी राहिले. चंद्रावरचं जुनं जर्मन गाणं. मी तर तरंगतच होते. वरचा सूर आला. हात कमरेवर, मान उजवीकडे, "हं", आणि थरथर! पहिल्या रांगेत दोन शिष्यांचे खांदे हलायला लागले. मला वाटलं, बिचारे रडतायत. मी आणखी थरथरले!

गर्डाबाईंनी चष्मा काढला.

नंतर त्यांनी मला बाजूला घेतलं. "तू उजवीकडे काय बघत होतीस?"

"तुम्ही बघता ना!"

"तिकडे माझी खिडकी आहे. मांजर आलं का ते बघते मी."

"आणि कमरेवर हात..."

"माझी कंबर दुखते, बाळ." मग हळूच म्हणाल्या, "आणि ती थरथर?"

आता इथे तरी माणसानं गप्प बसावं की नाही? पण मी कौतुकाच्या आशेनं फुललेली. "हुबेहूब जमली ना? अगदी तुमच्यासारखी!"

बाईंनी नुसता स्वतःच्या गळ्याला हात लावला. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. ती थरथर त्यांच्या थकलेल्या गळ्याची होती. आजवर कोणी ती त्यांना बोलून दाखवली नव्हती, आणि मी भरल्या सभेत गाऊन दाखवली! धरणी दुभंगेल तर बरं, असं झालं मला. मी तिथेच रडायला लागले.

तर बाई हसायला लागल्या! "जन्मभर मी समीक्षकांना घाबरले, आणि खरं सांगायला तू आलीस, ते पण वरच्या मजल्यावरून!"

पुढच्या शिकवणीला त्यांनी कपाटातून स्वतःची जुनी रेकॉर्ड काढली, तिशीतल्या आवाजाची. "आता हिची नक्कल कर," म्हणाल्या. तो वरचा सूर लागला आणि आम्ही दोघी ऐकत बसलो. मांजर आलं आणि गेलं, कोणाचंच लक्ष नव्हतं.

यावर मी शहाणी झाले असेन, असं वाटतंय ना तुम्हाला? मलाही वाटलं होतं! त्याच वर्षी गणपतीत मराठी मंडळाच्या चार मुलींना मी भजन शिकवलं. हात खाली, मान सरळ, थरथर अजिबात नाही. गर्डाबाईंना मुद्दाम पहिल्या रांगेत बसवलं.

मुली गायला लागल्या. हात खाली, मान सरळ. मी धन्य! आणि समेवर यायच्या आधी चौघींनी एकदम, अगदी तालात, सूं करून नाक ओढलं आणि मनगटानं पुसलं.

गाणं संपल्यावर मी धावले. "अगं, हे काय केलंत?"

"बट मावशी, यू ऑलवेज डू इट!" सगळ्यात धाकटी म्हणाली.

खांद्यावर हात पडला म्हणून वळून पाहिलं, तर गर्डाबाई. हसून हसून डोळ्यांत पाणी आलेलं.

"हुबेहूब जमलं गं! अगदी तुझ्यासारखं!"