घरच्या कापसाची प्रत

माझे भाऊजी चुडामण वायकोळे यांनी दहा वर्षांत एकतीस संगीत नाटक कंपन्या बुडवल्या, असं त्यांचं स्वतःचं म्हणणं होतं. मला विचाराल तर त्या बोलपटांनी बुडवल्या. जळगावात सिनेमाचं पक्कं थिएटर झालं आणि लोक चार आण्यांत पंख्याखाली बसून गाणी ऐकायला लागले, तिथेच कंपन्यांचा कारभार आटोपला. पण हे भाऊजींच्या तोंडावर बोलायची सोय नव्हती. बहीण दिली होती आम्ही त्या घरात.

मी उखर्डू पाचपांडे. 'तापीकाठ' साप्ताहिकाच्या छापखान्यात खिळे जुळवायचो. भाऊजी त्याच साप्ताहिकात 'तटस्थ' या नावाने नाटकांवर लिहायचे. त्यांची एकेक ओळ मी उलट्या अक्षरांत जुळवलेली आहे, तेव्हा त्यांच्याबद्दल बोलायचा माझ्याइतका हक्क जिल्ह्यात कुणाला नाही. कुणाला वाटत असेल तर त्याने खुशाल पुढे यावं.

माणूस मूळचा फैजपूरचा, केळीवाल्यांच्या घरातला. चार भावांत धाकटा, म्हणून जळगावला आला आणि एका जिनात, म्हणजे सरकी काढायच्या गिरणीत, कापूस पारखायला लागला. गाडी आली की ढिगात कोपरापर्यंत हात घालायचा, आतला कापूस काढायचा, दोन अंगठ्यांत धरून ओढायचा, धागा लांब की आखूड, कचरा किती, ते बघायचं आणि प्रत सांगायची. शेतकरी रडो की दलाल ओरडो, एकदा सांगितलेली प्रत बदलायची नाही. या कामात त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता हे मी कबूल करतो. आमचं भांडण इथून पुढचं आहे.

सत्तेचाळीसच्या दिवाळीत जळगावात एक मोठी कंपनी आली. 'तापीकाठ'मध्ये नाटकांवर लिहिणारे मास्तर हिवतापाने पडले होते. संपादकांना कुणीतरी सांगितलं की जिनातले वायकोळे एकही नाटक सोडत नाहीत. हे खरं होतं. पण ऐकणं वेगळं, त्यावर लिहिणं वेगळं. आयुष्यात त्यांनी एक सूर लावला नव्हता. स्वतःच्या लग्नात मंगलाष्टकं चालू असताना ते भटजींकडे असे बघत होते की बिचारे दोनदा विसरले.

त्यांनी लिहिलं ते असं : 'नायकाचा आवाज शेवटच्या वेचणीचा आहे. धागा आखूड, कचरा फार. पहिली वेचणी वीस वर्षांपूर्वी झाली असावी.' नायक बावन्न वर्षांचा होता आणि सोळा वर्षांच्या राजपुत्राचं काम करत होता. अख्खं जळगाव हसलं. अंक संपला, पुन्हा छापावा लागला. मास्तर बरे होऊन आले तेव्हा त्यांच्या खुर्चीवर भाऊजी बसलेले होते.

मग काय विचारता. तिसऱ्या रांगेत कोपऱ्याची खुर्ची त्यांची. गाणं सुरू झालं की त्यांचे अंगठे आपोआप जुळायचे आणि हवेतला धागा ओढायला लागायचे. गाणाऱ्याचं सगळं लक्ष त्या अंगठ्यांकडे. मध्येच हात खाली आले की समजायचं, धागा तुटला. एक नटी तर पुढचं कडवं सोडून आत निघून गेली होती. लढाई नुकती संपलेली, कंपनीवाले पाठीमागे त्यांना 'जर्मन' म्हणायचे. भाऊजींच्या कानावर ते आलं, आणि मला वाटतं त्यांना ते आवडलं.

त्यांची सगळ्यात मोठी शाबासकी म्हणजे 'बरे'. ती वर्षातून एकदा, फार तर दोनदा. आणि लोकही असे की 'तटस्थ'चं वाचल्याशिवाय आपल्याला नाटक आवडलं की नाही ते ठरवेनात. शनिवारी नाटक बघायचे, टाळ्या वाजवायचे, आणि पुढच्या शनिवारी अंक वाचून म्हणायचे, छे, काही दम नव्हता.

आता मंदाचं सांगतो. माझी भाची, त्यांची एकुलती एक मुलगी. घरात ग्रामोफोन होता. भाऊजी डोळे मिटून ऐकायचे आणि पोर हँडल फिरवायची. सात वर्षांची असल्यापासून फिरवत होती. हँडल फिरवता फिरवता सगळं तिच्या गळ्यात उतरलं. भांडी घासताना गायची तेव्हा शेजारच्या बायका आपली भांडी थांबवायच्या. मला गाण्यातलं कळत नाही, पण एवढं कळतं की भांडी उगाच थांबत नाहीत. बापाने मात्र कधी वा म्हटलं नाही की हूं म्हटलं नाही. पोर गायला लागली की पेपर उघडून बसायचे. पेपरही उलटा धरलेला मी पाहिलाय, पण तिला कुठे माहीत.

सत्तावन्न साली मंदा अठराची झाली. चोपड्याहून स्थळ आलं. तोताराम भंगाळे, केळी आणि कापसाची शेती, मुलगा अभिमन शाळेत मास्तर. आमच्यात मुलगी बघताना स्वयंपाक विचारतात, शिवण विचारतात. या लोकांनी आधीच निरोप पाठवला, मुलीला गाणं येतं असं ऐकलं, मुलगा पेटी वाजवतो. मंदा मला छापखान्यात येऊन सांगून गेली, "मामा, त्या घरात पेटी आहे. दुसऱ्या कुठल्याही घरी गेले तर माझं गाणं चुलीपाशी संपेल. हे जमलंच पाहिजे." मी म्हटलं, जमेल गं, तुझ्या गळ्याला कोण नाही म्हणतंय. काय माहीत होतं मला.

माघातला रविवार. तोतारामभाऊ, त्यांचे थोरले बंधू आणि मुलगा असे तिघं आले. चहा-पोहे झाले. मंदा सतरंजीवर बसली आणि एक नाटकातलं पद म्हणाली. मी दाराशी उभा होतो. काय सांगू तुम्हाला, अंगावर काटा आला. मुलाची बोटं मांडीवर नुसती चालत होती. माझी बहीण शेवंताबाई आत पदर तोंडाला लावून उभी. पद संपलं. सगळे भाऊजींकडे बघायला लागले.

तोतारामभाऊ हात जोडून म्हणाले, "नाना, आम्ही दहा वर्षं 'तटस्थ' वाचतो. आम्ही अडाणी माणसं. तुम्हीच सांगा, गाणं कसं झालं?"

भाऊजींनी एक शब्द बोलायचा होता. अर्धा बोलले असते तरी चाललं असतं. पण जिनात एक नियम असतो : पारखी स्वतःच्या शेतातल्या कापसाची प्रत लावत नाही. त्याच्या घरची गाडी आली की तो बाजूला होतो आणि दुसऱ्याला हाक मारतो. इमानाची गोष्ट आहे ती. भाऊजी ताठ बसले आणि म्हणाले, "घरच्या कापसाची प्रत मी लावत नाही. तुमचं तुम्ही ठरवा."

त्यांना वाटलं, केवढं सचोटीचं बोललो. पाहुण्यांना वाटलं, पोरीचं गाणं इतकं वाईट की बापालाही खोटं बोलवेना. तिघं उठले. कळवतो म्हणाले. बुधवारी कार्ड आलं, योग दिसत नाही.

मंदा रडली नाही. तिने ग्रामोफोनवर चादर टाकली आणि कामाला लागली. रडली ती शेवंता, आणि रडता रडता नवऱ्याला पहिल्यांदा बोलली. "येक चांगला शबद बोल्ले अस्ते तं जिभीले फोड आले अस्ते का? पोरीच्या जल्माचं वाटोळं केलं तुम्ही." भाऊजी म्हणाले, मी खरं तेच वागलो. शेवंता म्हणाली, खरं काय होतं ते तरी सांगा. त्यावर ते टोपी घालून बाहेर गेले.

गुरुवारी त्यांनी माझ्या हातात मजकूर ठेवला आणि न बोलता निघून गेले. मी उभ्या उभ्या दोनदा वाचला. 'गेल्या रविवारी एका घरगुती बैठकीत एका मुलीचे गाणे ऐकण्याचा योग आला. धागा लांब, सलग, कुठेही तुटला नाही. कचरा औषधालाही नाही. दहा वर्षांत आम्ही हा शब्द वापरला नव्हता, तो आज वापरतो : उत्तम.' नाव नाही, गाव नाही. बाप घरात बोलू शकत नव्हता, म्हणून सगळ्या जिल्ह्याला सांगत होता. राग आला मला. आणि डोळ्यांत पाणीही आलं, लपवून काय करू.

शनिवारी अंक मी स्वतः मंदाच्या हातात दिला. तिने वाचला, घडी केली, पिठाच्या डब्यावर ठेवला आणि भाकरी थापायला बसली.

आता मजा बघा. पुढच्या बुधवारी चोपड्याहून 'तटस्थ' यांच्या नावे पत्र आलं. तोतारामभाऊ लिहितात : 'आपण आमचे पाहणे उरकल्यावर त्याच रविवारी दुसरीकडे गाणे ऐकायला गेलात असे दिसते. आपल्या मुलीच्या बाबतीत योग नव्हता, त्याचा राग धरू नये. त्या उत्तम गाणाऱ्या मुलीचा पत्ता कृपा करून कळवावा. आमच्या अभिमनसाठी विचार आहे.'

मी पत्र मोठ्याने वाचलं. शेवंताला आधी कळलंच नाही, आणि कळलं तेव्हा ती इतकी हसली की ठसका लागला. मीही हसलो. तिघंजण बसून तिचं गाणं ऐकून गेलेली माणसं, स्वतःच्या कानाने ऐकलेली, आणि त्यांना छापून आल्याशिवाय कळलं नाही. भाऊजी हसले नाहीत. दहा वर्षं जे पेरलं ते दारात उगवलेलं बघत होते. म्हणाले, "मी लिहितो त्यांना. तीच मुलगी म्हणून कळवतो."

"मी लिहिते," मंदा म्हणाली. तिने कार्ड घेतलं आणि तिथेच बसून लिहिलं : मुलगी तीच, घर तेच. या खेपेला मुलाने एकट्याने यावे. येताना पेटी आणावी.

असं पत्र आमच्यात कुठल्या मुलीने आजवर लिहिलं नव्हतं. शेवंता घाबरली. मी म्हटलं, टाक पोस्टात, फार तर येणार नाहीत. मग मंदा बापाकडे वळली. "नाना, तुम्ही त्या दिवशी घरी थांबू नका."

भाऊजी म्हणाले, "का गं?"

"तुम्ही असलात की सगळे तुमच्याकडे बघतात. मी पण तुमच्याकडेच बघून गाते. एकदा तरी मला न बघता गाऊ द्या."

अभिमन आला. एस.टी.त पेटी मांडीवर धरून आला, गुडघ्यांवर वळ उठले होते. मंदा गायली, तो वाजवत होता. दुसऱ्या कडव्यात त्याने भाता सोडून दिला आणि नुसता ऐकत बसला. पद संपल्यावर कुणालाही काही न विचारता म्हणाला, "मला पसंत आहे. मी त्यांना पसंत आहे का, ते तेवढं विचारा." मी मनात म्हटलं, शाबास रे मास्तर.

मग मी भाऊजींना बोलवायला जिनावर गेलो. रविवार, जिन बंद. फाटकापाशी पहारेकऱ्याच्या बाकावर हे एकटे बसलेले. सकाळपासून पाणीसुद्धा प्यायले नव्हते. मला बघून उभे राहिले. दहा वर्षांत या माणसाने कुणालाही गाण्याबद्दल काही विचारलं नव्हतं. त्या दिवशी मला, खिळे जुळवणाऱ्याला, विचारलं, "कसं झालं?"

मी म्हटलं, "ठरलं. पोराला पसंत आहे."

"ते नाही विचारत. गाणं कसं झालं? शेवटच्या ओळीआधी श्वास कुठे घेतला तिने?"

"भाऊजी, मला त्यातलं काय कळतं? चांगलं झालं."

"चांगलं म्हणजे कसं?"

ते माझ्या तोंडाकडे बघत उभे राहिले, आणि मला त्यांची फार दया आली. रागही गेला.

वैशाखात लग्न झालं. मंदा चोपड्याला गेली आणि गायला लागली, पेटीवर, रोज, दार उघडं ठेवून. भाऊजींना काही ते ऐकायला मिळालं नाही. आमच्याकडे नातवंड होईपर्यंत बाप लेकीच्या घरी पाण्याचा घोट घेत नाही, आणि भाऊजी असले नियम मोडणाऱ्यांतले नव्हते. माहेरी आली की ती कामात, नाहीतर आईपाशी. गा म्हणायचं त्यांच्या तोंडून निघेना, आणि आपण होऊन ती गाईना.

'तटस्थ'ही संपला. कंपन्याच येईनात तर लिहिणार कशावर? 'तापीकाठ'वाल्यांनी त्यांना बोलपटांवर लिहायला सांगितलं. ते म्हणाले, माझ्या हाताला लागत नाही ते मी पारखत नाही.

जिनात मात्र जात होते. अठ्ठावन्नच्या मोसमात मी एकदा खिळे पुसायच्या चिंध्या आणायला तिकडे गेलो. चोपड्याकडच्या गाड्या लागल्या होत्या. भाऊजी एका गाडीत हात घालून उभे, पण कापूस बघत नव्हते. गाडीवाल्याला विचारत होते, "भंगाळेंच्या गल्लीवरून येता ना तुम्ही? त्यांच्या सुनेचं गाणं कानावर पडतं का?"

गाडीवाला म्हणाला, "पडस ना, नाना. चांगली गास ती पोर. बठ्ठी गल्ली आयकस."

"सगळी गल्ली? हो का," भाऊजी म्हणाले. मागच्या गाड्यांची रांग खोळंबली होती, लोक ओरडत होते. त्यांनी हात तसाच कापसात ठेवला आणि म्हणाले, "अजून सांगा."